नऊ सेकंद मागे

कुपवाडच्या एमआयडीसीत, आमच्या शेडच्या उजव्या कोपऱ्यात
बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा आहे.
बिस्किटं कधीच संपली.
आत दस्तगीर चाचांचे अर्धवट तुकडे:
पाव भरलेलं झाकण, निम्मं भरलेलं झाकण,
आणि एक जवळजवळ पूर्ण, फक्त कडेला
उंदरानं कुरतडावं तसं.

नवा मोल्ड मशीनवर चढला की
चाचा मुद्दाम कमी माल सोडायचे,
मग थोडा जास्त, मग आणखी थोडा,
आणि ते तुकडे ओळीनं मांडून
प्लास्टिक आत कसं चालतं ते बघायचे.
"पाण्यागत नाही जात हे," म्हणायचे,
"काकवीगत जातं. थंड भिंतीला चिकटतं
आणि मधनंच पुढं सरतं."

माझं सॉफ्टवेअर हेच सांगतं, रंगात.
मागच्या वर्षीपर्यंत एका झाकणाला अख्खी रात्र लागायची;
सकाळी येऊन बघावं तर
जाळीतला एक त्रिकोण कुठंतरी उलटा, हिशेब बंद.
नवी आवृत्ती आली.
आता जेवून हात धुवून येईतो
भिंतीच्या जाडीचे बारा थर, प्रत्येकाचं तापमान वेगळं,
निळा, हिरवा, आणि शेवटी भरणारा तो लाल कोपरा.
थंड झाल्यावर झाकण किती वाकेल तेही,
केसाएवढं असलं तरी.

हे मात्र कुणाला सांगितलं नाही मी:
मालाच्या फाइलमधले आकडे जमेनात तेव्हा
एका संध्याकाळी, लाइट गेलेली असताना,
मी तो डबा उघडला
आणि मोबाइलच्या उजेडात
चाचांचा एकेक तुकडा व्हर्नियरनं मोजला.

ट्रायलच्या दिवशी चाचा मिरजेच्या दवाखान्यात,
गुडघा नवा बसवलेला, पाय उशीवर.
म्हणून स्टोअरच्या श्रेणिकनं जुन्या कॉम्प्युटरवर
व्हिडिओचं एक फुकट ॲप बसवलं,
कोड उघडा असलेलं, कुणीही आत डोकावावं असं.
मोबाइल कापडात गुंडाळून बेंचवाइसमध्ये आवळला,
आणि मशीनचं तोंड थेट दवाखान्यात गेलं,
नऊ सेकंद उशिरा.
"आधी तीस लागायचे," श्रेणिक म्हणाला,
"गेल्या महिन्यात कुणीतरी दुरुस्त केलं."
कुणी?
"काय माहीत. नावाच्या जागी एक अक्षर आणि आकडे."

ठिबकच्या फिल्टरचं झाकण. चार भोकं.
भोकाला वळसा घालून दोन प्रवाह पलीकडे भेटतात,
तिथं सांधा राहतो.
त्यातला एक सगळ्यात कच्चा. उन्हात तोच पहिला तडकतो.
चाचा फोनवर: "दुसऱ्या भोकाच्या पाठीमागं येईल बघ."
सॉफ्टवेअर म्हणत होतं, तिसऱ्या.

मशीन उघडलं. झाकण माझ्या हातात पडलं, गरम.
नखाला लागला सांधा.
तिसऱ्याच भोकाशी.
आणि पुढचे नऊ सेकंद
मिरजेत मोल्ड अजून बंद होता,
मिरजेत चाचा अजून बरोबर होते.

मी झाकण कॅमेऱ्यासमोर धरलं.
काही बोलले नाही.
फोनमधून ट्रॉलीच्या चाकांचा आवाज येत होता,
कुणीतरी कुणाला तरी इंजेक्शनची वेळ विचारत होतं.
"तिसरं," चाचा म्हणाले.
बराच वेळ काहीच नाही.
मग, "शिकलं की गं ते."
मग, "कुणाकडनं शिकलं?"

मी डब्याकडं बघितलं. सांगणार होते.
तेवढ्यात चित्र अडकलं,
श्रेणिक खाली वाकून तारा हलवायला लागला.

"अर्धंच झाकण दिसतंय," चाचा फोनवर,
"वर तुझा अंगठा, खाली काहीच नाही.
शॉर्ट शॉट आहे हा, पोरी.
प्रेशर वाढव."